धान्य होते, तरी माणसे का मेली? : एका आर्थिक सिद्धान्ताची जन्मकथा

अर्थसंकल्पाचे दिवस जवळ आले की वृत्तपत्रांचे रकाने आणि दूरचित्रवाणीचे पडदे अर्थशास्त्रज्ञांच्या मतमतांतरांनी भरून जातात. वृद्धिदर, वित्तीय तूट, चलनवाढ असे शब्द कानांवर आदळू लागतात आणि सामान्य ग्राहक मनाशी म्हणतो, ‘हे पंडितांचे काम, माझ्या पासबुकाशी त्याचा काय संबंध?’ वस्तुतः हा संबंध फार निकटचा आहे. कर्ज कोणाला प्राधान्याने द्यावे, शाखा कोठे उघडावी, अनुदान कोणाच्या खात्यात जमा व्हावे, या निर्णयांमागे कोणत्या ना कोणत्या अर्थशास्त्रज्ञाचा विचार उभा असतो. त्या विचाराचे नाव आपल्याला ठाऊक नसते, एवढेच.

हे विचार जन्माला कसे येतात? खोलीत बसून सुचलेली कल्पना राज्यकर्त्यांच्या धोरणापर्यंत कशी पोहोचते? आणि ती चुकीची असेल तर काय होते? या प्रश्नांची उत्तरे शोधण्यासाठी कोलकात्याइतके योग्य शहर भारतात क्वचितच सापडेल. नोकरीनिमित्त या शहरात राहणाऱ्या माझ्यासारख्या बँक अधिकाऱ्याला येथील अर्थशास्त्राची परंपरा पदोपदी जाणवते. त्या परंपरेतील एक प्रकरण येथे सविस्तर पाहू. त्याचा प्रारंभ एका भीषण दुष्काळात आहे.

१९४३ चा बंगाल

मार्च १९४२ मध्ये रंगून जपानी सैन्याच्या हाती पडले आणि ब्रह्मदेशातून येणारा तांदूळ थांबला. शत्रू किनाऱ्यावर उतरलाच तर त्याला वाहने मिळू नयेत, म्हणून सरकारने किनारपट्टीच्या जिल्ह्यांतील हजारो नावा ताब्यात घेतल्या वा निकामी केल्या. नावेवर पोट असलेले कोळी आणि नावाडी त्यामुळे बेकार झाले. ऑक्टोबर १९४२ मध्ये मेदिनीपूर भागाला चक्रीवादळाने झोडपले. भातपिकावर रोगही पडला. दुसरीकडे युद्धासाठी सरकार पाण्यासारखा पैसा खर्च करीत होते. हातात पैसा आलेल्या शहरी वर्गाची मागणी वाढली, व्यापाऱ्यांनी साठे केले आणि भाव भडकले. कोलकात्यात डिसेंबर १९४२ मध्ये मणाला तेरा-चौदा रुपये असलेला तांदळाचा घाऊक भाव मे १९४३ मध्ये तीस रुपयांवर आणि ऑगस्टमध्ये सदतीस रुपयांपर्यंत गेला.

खेड्यांतील भुकेलेली कुटुंबे कोलकात्याच्या रस्त्यांवर येऊन पडू लागली. शहरातील कारखाने व कार्यालये यांतील कामगारांना नियंत्रित दराने धान्य मिळण्याची व्यवस्था होती; खेड्यातून आलेल्यांना ती नव्हती. २२ ऑगस्ट १९४३ रोजी ‘स्टेट्समन’ या इंग्रजी दैनिकाने भूकबळींची छायाचित्रे छापली, तेव्हा जगाला या संकटाची खरी कल्पना आली. तथापि सरकारने दुष्काळ-संहितेनुसार दुष्काळ अखेरपर्यंत जाहीर केलाच नाही. सरकारी चौकशी आयोगाने १९४५ साली मृतांची संख्या सुमारे १५ लाख ठरविली. पुढील अभ्यासकांनी ती ३० लाखांच्या आसपास असल्याचे दाखवून दिले.

आता या शोकांतिकेतील ‘सिद्धान्त’ पाहू. दुष्काळ म्हणजे अन्नाचा तुटवडा, ही समजूत त्या काळी इतकी स्वाभाविक होती की तिला कोणी सिद्धान्त म्हटलेही नसते. सरकारी अधिकारी प्रांतातील एकूण तांदूळ आणि एकूण तोंडे यांचा हिशेब मांडत होते. त्या हिशेबात तूट दिसत होती, पण ती फार मोठी नव्हती. मग लक्षावधी माणसे मरतील अशी शंका कोणाला कशी यावी? हिशेबाची बेरीज बहुतांशी बरोबर होती. प्रश्नच चुकीचा विचारला गेला होता. चुकीचा सिद्धान्त ही केवळ विद्वानांची अडचण नसते, याचे याहून दारुण उदाहरण सापडणे कठीण.

शितावरून भाताची परीक्षा

सिद्धान्ताची पहिली पायरी म्हणजे विश्वासार्ह माहिती. या बाबतीत कोलकात्याचे ऋण साऱ्या देशावर आहे. प्रशांतचंद्र महालनोबीस हे मूळचे प्रेसिडेन्सी महाविद्यालयातील भौतिकशास्त्राचे प्राध्यापक. संख्याशास्त्राच्या ओढीने त्यांनी १९३१ साली भारतीय संख्याशास्त्र संस्था स्थापन केली. या संस्थेने १९३७ पासून बंगालमधील तागाच्या पिकाची नमुना पाहणी हाती घेतली. प्रत्येक शेत मोजण्याऐवजी काही मोजकी शेते निवडायची, ती काटेकोरपणे मोजायची आणि त्यावरून संपूर्ण प्रांताच्या पिकाचा अंदाज बांधायचा, अशी ही पद्धत.

मराठीत आपण ‘शितावरून भाताची परीक्षा’ म्हणतो, तीच ही कल्पना. परंतु या म्हणीत एक अट दडलेली आहे, ती सहसा लक्षात येत नाही. पातेल्यातील भात सारखा शिजलेला असेल, तरच एका शिताची परीक्षा खरी ठरते. समाज असा सारखा शिजलेला नसतो. तळाशी करपलेले असते आणि वर कच्चे राहिलेले असते. म्हणून शिते पातेल्याच्या सर्व थरांतून आणि स्वतःच्या आवडीनिवडीला वाव न देता उचलावी लागतात. यालाच यादृच्छिक निवड म्हणतात. आपल्या शाखेत लेखापरीक्षक येतात तेव्हा तेही सगळी व्हाउचरे तपासत नाहीत. मात्र कोणती तपासायची हे शाखाधिकाऱ्याला ठरवू देत नाहीत. तत्त्व तेच.

दुष्काळानंतर महालनोबीस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ग्रामीण बंगालची अशीच एक नमुना पाहणी केली. तिचा अहवाल संस्थेच्या ‘सांख्य’ या नियतकालिकात १९४६ साली प्रसिद्ध झाला. किती तांदूळ होता, याऐवजी कोणत्या व्यवसायातील किती कुटुंबे देशोधडीला लागली, हे या पाहणीने विचारले. शेतमजूर, कोळी, नावाडी व गाडीवान, भात सडून पोट भरणाऱ्या स्त्रिया यांच्यावर सर्वाधिक आघात झाल्याचे त्यातून दिसले. उत्तर कागदावर उतरले होते. त्याचा पूर्ण अर्थ लावणारा सिद्धान्त यायला मात्र आणखी साडेतीन दशके जायची होती.

एका मुलाला पडलेला प्रश्न

दुष्काळाच्या वर्षी अमर्त्य सेन हे नऊ-दहा वर्षांचे होते आणि शांतिनिकेतनात शिकत होते. दारावर येणारी भुकेली माणसे त्यांनी पाहिली. त्याच वेळी एक विसंगतीही त्यांच्या मनात राहिली : त्यांच्या शाळासोबत्यांपैकी वा नातलगांपैकी कोणाच्याही घरी उपासमार झाली नव्हती. तुटवडा साऱ्या प्रांतात होता म्हणावे, तर मरणारे सगळे एकाच थरातले कसे?

प्रचलित स्पष्टीकरणात न बसणारी अशी एखादी विसंगती, हेच बहुतेक आर्थिक सिद्धान्तांचे बीज असते. सेन पुढे प्रेसिडेन्सी महाविद्यालयात आणि नंतर केंब्रिजला शिकले. १९८१ साली प्रसिद्ध झालेल्या दारिद्र्य आणि दुष्काळ या विषयावरील ग्रंथात त्यांनी जुनी आकडेवारी पुन्हा तपासली. त्यांना आढळले, की १९४३ मधील तांदळाचा पुरवठा आधीच्या पाच वर्षांच्या सरासरीपेक्षा अवघा ५ टक्क्यांनी कमी होता आणि १९४१ च्या तुलनेत तर तो १३ टक्क्यांनी अधिक होता. १९४१ मध्ये मात्र दुष्काळ पडलेला नव्हता. अन्नाच्या तुटवड्याचा सिद्धान्त या दोन वर्षांतील फरक सांगूच शकत नव्हता. कोणत्या व्यवसायातील कुटुंबे बुडाली हे ठरविताना सेन यांनी महालनोबीस यांच्या १९४६ च्या पाहणीचाही आधार घेतला.

मग त्यांनी नवी संकल्पना मांडली, ती ‘हक्कदारी’ची. बाजारात धान्य असणे वेगळे आणि ते आपल्या ताटात आणण्याचे साधन आपल्याजवळ असणे वेगळे. हे साधन म्हणजे कोणाची जमीन, कोणाची मजुरी, कोणाची विकण्याजोगी वस्तू, तर कोणाला शासनाकडून मिळणारी मदत. हे साधन कोसळले, की भरलेल्या गोदामासमोरही माणूस उपाशी मरू शकतो.

एक काल्पनिक हिशेब मांडून पाहू. समजा, शेतमजुराला दिवसाला आठ आणे मजुरी मिळते आणि तांदूळ रुपयाला आठ शेर आहे. दिवसभराच्या श्रमातून त्याला चार शेर तांदूळ मिळू शकतो. तांदळाचा भाव तिप्पट झाला आणि मजुरी तीच राहिली, तर तेच श्रम केवळ सुमारे सव्वा शेराच्या मोलाचे उरतात. त्यातच काम मिळेनासे झाले, की शून्य. गावच्या नाभिकाची स्थिती आणखी बिकट. कारण टंचाईत लोक प्रथम केस कापणे लांबणीवर टाकतात. याउलट वाट्याने शेती करणाऱ्या कुळाला मोबदलाच भाताच्या रूपात मिळतो. तोही गरीब, मजूरही गरीब; परंतु भाववाढीचा घाव दोघांवर सारखा पडत नाही. एकूण बेरजेत हा भेद दिसत नाही, हक्कदारीच्या हिशेबात तो दिसतो.

एका उदाहरणावर बेतलेले स्पष्टीकरण म्हणजे सिद्धान्त नव्हे. तो इतरत्रही कसाला उतरावा लागतो. सेन यांनी त्याच ग्रंथात इथिओपिया, आफ्रिकेतील साहेल पट्टा आणि १९७४ चा बांगलादेश यांचीही छाननी केली. बांगलादेशात तर १९७४ हे वर्ष आगेमागेच्या वर्षांच्या तुलनेत दरडोई धान्य-उपलब्धतेचे चांगले वर्ष होते. पुरामुळे मजुरी बुडाली आणि भाव भडकले, म्हणून माणसे मेली. १९९८ साली सेन यांना अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक लाभले.

तथापि सिद्धान्त म्हणजे शिलालेख नव्हे. १९४३ ची पिकांची आकडेवारीच फारशी विश्वसनीय नव्हती. भातावरील रोगाने पीक कागदोपत्री दिसते त्याहून बरेच अधिक बुडाले असावे, असा आक्षेप काही अभ्यासकांनी घेतला आहे. हा वाद आजही पूर्णपणे मिटलेला नाही. परंतु धान्य कोणापर्यंत पोहोचते, हा प्रश्न वगळून दुष्काळाची चर्चा करणे आता कोणालाही शक्य राहिलेले नाही. विचारवंताने दिलेली खरी देणगी पुष्कळदा उत्तरापेक्षा प्रश्नाच्याच रूपात असते.

महाराष्ट्राने आधीच गिरविलेला धडा

येथे मराठी वाचकाच्या मनात १९७२ च्या दुष्काळाची आठवण जागी होणे साहजिक आहे. लागोपाठच्या अवर्षणांनी महाराष्ट्रातील शेती उद्ध्वस्त झाली होती. धान्याची तूट खरोखरच मोठी होती. पण शासनाने ठिकठिकाणी दुष्काळी कामे काढली. मे १९७३ च्या सुमारास त्यांवर सुमारे ५० लाख लोक राबत होते. पाझर तलाव, बंधारे, रस्ते आणि खडी फोडण्याची ही कामे आजही जुन्या पिढीच्या बोलण्यात येतात. हातात मजुरी आली, म्हणून बाजारातून धान्य घेण्याची शक्ती टिकली. पुष्कळ हाल झाले, परंतु बंगालची पुनरावृत्ती झाली नाही. ज्याँ द्रेझ आणि अमर्त्य सेन यांनी १९८९ च्या आपल्या ग्रंथात दुष्काळ टळल्याचे महत्त्वाचे उदाहरण म्हणून महाराष्ट्राचा विचार केला आहे.

हे सारे घडले तेव्हा सेन यांचा ग्रंथ लिहूनही झालेला नव्हता. रोजगार हमीच्या कल्पनेमागे विधानपरिषदेचे सभापती वि. स. पागे यांच्यासारखा लोकांत वावरणारा नेता होता. सांगली जिल्ह्यातील तासगाव तालुक्यात त्यांनी १९६५ मध्ये तिचा लहान प्रमाणावर प्रयोग केला होता. म्हणजे धोरण नेहमी सिद्धान्तामागून येते असे नाही. कधी व्यवहार पुढे जातो, आणि तो का यशस्वी झाला हे सिद्धान्त मागाहून सांगतो. मात्र एकदा कारण उमगले, की त्या व्यवहाराला प्रांताच्या सीमा ओलांडता येतात.

या विचाराला पुण्याचीही जोड होती. गोखले अर्थशास्त्र संस्थेतील वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी १९७१ मध्ये भारतातील दारिद्र्यावरचा आपला अभ्यास प्रसिद्ध केला. किमान पुरेसे उष्मांक मिळण्यासाठी किती खर्च लागतो, या कसोटीवर त्यांनी १९६०-६१ मध्ये ग्रामीण भागातील सुमारे ४० टक्के आणि शहरी भागातील सुमारे ५० टक्के लोक दारिद्र्यात असल्याचे मांडले. त्यासाठी वापरलेली खर्चाची आकडेवारी होती राष्ट्रीय नमुना पाहणीची. ही पाहणी १९५० साली महालनोबीस यांच्याच पुढाकाराने सुरू झाली होती. कोलकात्यात रुजलेली मोजणी आणि पुण्यात काढलेला अर्थ यांची अशी सांगड पडली. ग्रामीण भागात मोठ्या प्रमाणावर सार्वजनिक कामे काढावीत, असा दांडेकर-रथ यांचाही आग्रह होता.

रोजगार हमीचा कायदा महाराष्ट्र विधिमंडळाने १९७७ साली केला. तो २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. तिच्या खर्चासाठी १९७५ मध्ये व्यवसाय कर बसविण्यात आला. महाराष्ट्रातील शाखांत काम केलेल्या सहकाऱ्यांनी वेतनपत्रकातील ही छोटी वजावट दरमहा पाहिली असेल. नगरातील नोकरदाराने खेड्यातील मजुराच्या कामासाठी उचललेला तो वाटा होता. पुढे २००५ साली संसदेने संपूर्ण देशासाठी ग्रामीण रोजगार हमीचा कायदा केला, तेव्हा महाराष्ट्राचा हा अनुभव समोर होताच.

बँकेच्या दारात अर्थशास्त्र

आपल्या व्यवसायाकडे वळू. १९ जुलै १९६९ रोजी चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले. त्याच वर्षी धनंजयराव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखालील अभ्यासगटाने शिफारस केली, की बँकसेवेचा विस्तार जिल्हा हा घटक धरून, त्या त्या भागाच्या गरजा पाहून व्हावा. गोखले संस्थेची धुरा अनेक वर्षे वाहिलेल्या या अर्थशास्त्रज्ञाच्या विचारातून डिसेंबर १९६९ मध्ये रिझर्व्ह बँकेची अग्रणी बँक योजना साकारली. जिल्हा पतआराखड्याच्या बैठकीला जाणारा प्रत्येक अधिकारी नकळत गाडगिळांनी आखलेल्या वाटेवरूनच चालत असतो.

कर्ज दिले म्हणजे गरिबी हटते का? हा प्रश्न कोलकात्यातच वाढलेल्या अभिजित विनायक बॅनर्जी यांनी वेगळ्या रीतीने हाताळला. त्यांचा जन्म मुंबईचा. त्यांच्या मातोश्री निर्मला बॅनर्जी या माहेरच्या पाटणकर, स्वतः अर्थशास्त्रज्ञ. असंघटित क्षेत्रातील स्त्री-कामगारांवरील त्यांचे संशोधन कोलकात्यात झाले. अभिजित आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हैदराबादमधील १०४ वस्त्यांपैकी निम्म्या वस्त्या यादृच्छिक पद्धतीने निवडल्या, तेथे सूक्ष्मकर्ज आधी उपलब्ध करून दिले गेले आणि मग दोन्ही गटांची तुलना केली. २०१५ साली प्रसिद्ध झालेले निष्कर्ष विचार करायला लावणारे होते. छोट्या व्यवसायांतील गुंतवणूक वाढली, पण कुटुंबाच्या सरासरी एकूण खर्चात लक्षणीय वाढ दिसली नाही. सूक्ष्मकर्ज उपयुक्त आहे, परंतु ते जादूची कांडी नाही, एवढा त्याचा सरळ अर्थ.

उलट मुर्शिदाबाद जिल्ह्यातील अतिगरीब कुटुंबांना कर्जाऐवजी गाय-शेळीसारखी उत्पादक मत्ता, काही काळ निर्वाहखर्च आणि नियमित मार्गदर्शन देणारी ‘बंधन’ या संस्थेची योजना तपासली असता तिचे सुपरिणाम दहा वर्षांनंतरही टिकून असल्याचे आढळले. कर्ज कोणाला आणि अनुदान कोणाला, हा भेद येथे पुराव्याने समोर आला. अशा प्रायोगिक पद्धतीसाठी बॅनर्जी, एस्थर डुफ्लो आणि मायकेल क्रेमर यांना २०१९ साली नोबेल पारितोषिक मिळाले. या पद्धतीलाही टीकाकार आहेत. एका वस्तीत सिद्ध झालेले दुसऱ्या देशात लागू पडेलच असे नाही, हा त्यांचा मुद्दा रास्त आहे.

आपण काय घ्यावे?

महालनोबीस यांनी मोजायचे कसे हे शिकविले, सेन यांनी मोजताना विचारायचे काय हे शिकविले आणि बॅनर्जी यांनी केलेला उपाय लागू पडला की नाही हे तपासण्याची रीत दाखविली. गाडगीळ, दांडेकर-रथ आणि पागे यांनी विचार व व्यवहार यांच्यामधील अंतर आपापल्या परीने कमी केले. या सर्वांचे मार्ग भिन्न, परंतु एक गुण समान : समोर आलेल्या एकूण आकड्यावर समाधान न मानता त्या आकड्याआड उभ्या असलेल्या माणसाचा शोध घेणे.

हा गुण अंगी बाणविण्यासाठी कोणतीही पदवी लागत नाही. वर्तमानपत्रात सरासरी उत्पन्न वाढल्याचे वाचताना ते कोणाचे वाढले, असे ग्राहकाने विचारावे. शाखेची एकूण कर्जवाटपाची उद्दिष्टपूर्ती झाल्यावर त्या आकड्यात कुंभार, कोळी, भूमिहीन मजूर, एकट्या स्त्रिया किती, हे अधिकाऱ्याने स्वतःशी पडताळावे. १९४३ च्या बंगालमध्ये सरकारी कागदावरची बेरीज फारशी चुकली नव्हती. त्या बेरजेत आपला वाटा नसलेल्यांची चौकशी मात्र कोणी वेळेवर केली नाही. ती चौकशी करीत राहणे, हेच अर्थशास्त्राचे काम आहे आणि बँकेच्या काउंटरच्या दोन्ही बाजूंना असलेल्या आपणा सर्वांचेही.